चपलेची चाकं

मालनबाईचा उजवा हात मोडला तो ऐन कापूसवेचणीच्या तोंडावर. दसरा होऊन गेला तरी पाऊस माघारी जायचं नाव घेत नव्हता. वडीगोद्रीच्या पुढं हमरस्ता सोडून आत वळलं की त्यांची वस्ती लागते, आणि तिथली काळी जमीन म्हणजे चार सरी पडल्या की माणसाचे पाय धरून बसणारी. गोठ्यातून शेणाची पाटी घेऊन निघालेली मालनबाई चिखलात घसरली, पाटी सावरायला गेली आणि सगळा भार मनगटावर आला. पाटी सावरली. मनगट मोडलं.

मुलगा हरिओम दुसऱ्याच्या ट्रॅक्टरवर ड्रायव्हर. त्यानं शेजाऱ्याची मोटरसायकल आणून आईला अंबडला नेलं. कोपरापर्यंत पलस्तर चढलं. डॉक्टरांनी दीड महिना सांगितला.

"दीड महिना म्हंजी वेचणी खलास की," मालनबाई म्हणाली.

"मंग काय झालं? बस ना घरी. साठी उलटली तुझी," हरिओम म्हणाला. त्यानं ते मायेनंच म्हटलं होतं, पण मालनबाईला ते भाजल्यासारखं लागलं. चाळीस वर्षं ती बायकांच्या टोळीत वेचायला जात होती आणि चाळीस वर्षं तिची पात, म्हणजे वेचायची ओळ, सगळ्यांच्या पुढं असायची. मागं रेंगाळणाऱ्या बाईला ती मागं वळून असं काही ऐकवायची, की ती बाई दुपारची भाकरी खालमानेनं खायची. त्या मालनबाईला आता स्वतःचा बुचडा बांधता येईना.

दैवशाला, तिची सून, ते सगळं करायची. निऱ्या खोचून द्यायची, पदर लावून द्यायची, केस विंचरायची. भाकरीसुद्धा ताटात कुस्करून द्यायची, लहान लेकराला देतात तशी. दैवशाला तोंडानं काही बोलत नसे, आणि न बोलणाऱ्या माणसाचं तर जास्तच लागतं. मालनबाई भिंतीकडं तोंड करून डाव्या हातानं जेवायची. आपण आता बसून खाणारं तोंड झालो, या एका विचारानं ती निम्मी भाकरी ताटातच ठेवून उठायची.

तिसऱ्या दिवशी सकाळी टोळी निघाली तशी तीही चपला घालून निघाली.

"आत्या, तुमी कुठं?" दैवशालानं विचारलं.

"रानात. लेकरं धरते."

खरं तर तिला लेकरं धरायला कुणी सांगितलं नव्हतं. पण अडचण होती हे खरं. शाळेला दिवाळीची सुट्टी लागलेली, अंगणवाडीही बंद, आणि म्हणून दहा-बारा बायकांच्या मागं आठ-नऊ पोरं रानात यायची. ती पऱ्हाटीत शिरायची, फांद्या मोडायची, उमललेली बोंडं चिखलात पाडायची. बायकांचा अर्धा जीव कापसात आणि अर्धा पोरांत. त्यात दैवशालाची अर्पिता सहा वर्षांची, आणि तिच्याहून दोन वर्षांनी मोठी शेजारणीची दीपमाला म्हणजे तर सगळ्या फौजेची सरदार.

पहिल्या दिवशी मालनबाईची चांगलीच फजिती झाली. ती लिंबाखाली बसून ओरडायची आणि पोरं तिला वाकुल्या दाखवून पळायची. धावून धरावं तर चिखल, आणि पलस्तर गळ्यात. दुपारपर्यंत तिचा घसा बसला. त्यातच तिच्या जुन्या चपलेचा अंगठा तुटला. टाचणी लावावी तर एका हातानं जमेना. मग तिनं चपल दोन्ही पायांच्या बोटांत धरली आणि समोरून चाललेल्या दीपमालाला हाक मारली.

"ये गं माय, जल्दी. ही टाचणी लाव एवढी."

म्हातारी पायानं चपल धरून बसलीय, हे बघायला बाकीची पोरं गोळा झाली. टाचणी लागली. पण पोरं गेली नाहीत, उभीच राहिली. मालनबाई काही फार विचार करणारी बाई नव्हती, मात्र आलेला मोका सोडणारीही नव्हती. बांधावर कुणाची तरी कधीची फेकलेली रबरी चपल पडली होती, टाचेला पार झिजलेली. ती तिनं आणायला लावली, पायात धरली आणि डाव्या हातानं विळ्यानं तिची एक गोल चकती कापली. चकती काही धड गोल नव्हती.

"हे काय, आज्जे?" अर्पितानं विचारलं.

"चाक."

"कशाचं?"

"तीन आजून झाले की सांगते."

त्या दुपारी पऱ्हाटीत एकही पोर शिरलं नाही.

दुसऱ्या दिवसापासून तिनं फर्मानच काढलं. घरात जे टाकायचं आहे ते उकिरड्यावर न टाकता लिंबाखाली आणायचं. मग काय, पोरांनी घरं झाडून आणली. काड्यापेट्या आल्या, पावडरीचा डबा आला, गोडेतेलाच्या पिशव्या आल्या, झिजलेला खराटा आला, कुकरची ताणलेली रिंग आली. एकीनं आजोबांची तंबाखूची डबी आणली तेव्हा मालनबाईनं ती हलवून पाहिली आणि आत तंबाखू आहे असं दिसल्यावर तिला तशीच परत पिटाळली.

"ज्याचा जीव गेला तेच कापायचं," ती म्हणायची. "ज्याचं काम आजून बाकी हाये त्याला हात लावायचा न्हाई. बिलकुल न्हाई."

काम असं चालायचं: धरायचं मालनबाईच्या पायांनी, दाबायचं पलस्तरानं, कापायचं तिच्या डाव्या हातानं, आणि ओवणं, टोचणं, चिकटवणं पोरांच्या बोटांनी. पलस्तर तर फार कामाचं निघालं. डब्याचा पत्रा ठोकून सपाट करायचा असला की त्याच्यावरच ठोकायचं. डॉक्टरांनी पाहिलं असतं तर डोक्याला हात लावला असता. काड्यापेट्यांची आगगाडी झाली. तिला किती डबे असावेत यावरून भांडण झालं, कारण दीपमाला बदनापूरला मामाकडं राहून आलेली होती आणि तिनं स्टेशनात उभं राहून डबे मोजले होते. तेलाच्या पिशवीचा मासा झाला, पोटात कापूस भरून. खराट्याच्या काड्यांची तिफण झाली, आणि ती खरीच मातीत चालवून पोरांनी लिंबाखाली चार ओळी चिंचोके पेरले.

आणि गंमत म्हणजे मालनबाईची जीभच मऊ झाली. चाळीस वर्षांत तिनं कुणाला 'बराबर केलंस गं' म्हटल्याचं कुणाच्या ऐकिवात नव्हतं. आता ती दिवसातून वीस वेळा म्हणायची. बायका निवांत वेचायला लागल्या. टोळीनं दहा दिवसांत तीन रानं उरकली. संध्याकाळी घरी येताना मालनबाईला वाटायचं, आपण अगदीच काही गेलो नाही अजून. ती आता भिंतीकडं तोंड न करता जेवायला लागली होती.

मग वामनरावांचं रान आलं.

वामनराव मूळ वस्तीचेच, पण वडिलांपासून जालन्यात, मस्तगडला घर. ते एका कार्यालयात साहेब होते आणि शेत कारभारी नावाच्या वाटेकऱ्याकडं होतं. बारा एकर सलग पांढरं झालेलं. टोळीला पंधरा दिवसांचं काम. पहिल्या वेचणीच्या आधी सीतादही करतात, त्यासाठी रविवार बघून वामनराव आणि त्यांच्या पत्नी अरुंधतीबाई गाडी घेऊन आले. आभाळ भरूनच आलेलं होतं आणि कारभारी सारखा वर बघत होता.

सीतादहीला पायात काही ठेवत नाहीत. सगळ्यांनी बांधावर चपला काढल्या. बांधाच्या कोपऱ्यात पाच खडे मांडले, हळदकुंकू वाहिलं, पहिल्या बोंडाचा कापूस त्यांना पांघरला आणि दैवशालानं दहीभात चारी दिशांना शिंपडला. अरुंधतीबाई मनापासून हात जोडून उभ्या होत्या. पूजा झाल्यावर म्हणाल्या, "पहिली ओंजळ मी वेचू का? लग्न होऊन आले तेव्हा सासूबाईंनी वेचायला लावली होती."

"वेचा की, वहिनीसायब," दैवशाला म्हणाली. आणि बायका त्यांना घेऊन तशाच अनवाणी पऱ्हाटीत शिरल्या. ओल्या रानात चपलेपेक्षा मोकळा पायच बरा पडतो. पंधरा जोड चपला बांधावर राहिल्या.

इकडं लिंबाखाली बैलगाडीचं काम चाललं होतं. पुठ्ठ्याचा सांगाडा तयार होता, धुरा तयार होता, चाकं तेवढी राहिली होती. पोरांनी घरोघरच्या मेलेल्या चपला संपवलेल्या. मालनबाई म्हणाली, "जा, बघा कुठं पडली आसंल एखादी. झिजकी, भोकं पडल्याली."

दीपमाला गेली आणि एक जोड घेऊन आली. आभाळी निळ्या रंगाचं, अंगठा नाही, पट्टा मागं लोंबणारा, आणि वरून सगळी भोकंच भोकं. मालनबाईनं जन्मात असलं पायताण पाहिलं नव्हतं.

"कुठं घावलं गं हे?"

"बांधावर पडलं व्हतं. बघा ना, जागाच न्हाई भोकाबिगर."

मालनबाईनं ते दाबून पाहिलं. रबर कसं लोण्यासारखं! तिच्या मनात शंका आलीच नाही असं नाही. मालकीणबाई आल्यात हे तिला माहीत होतं. पण मोटारीतून येणारी बाई असलं चाळणी झालेलं पायताण कशाला घालील? कुणीतरी रस्त्यानं जाताना फेकलं असणार. असा न्याय करून तिनं ते पायात धरलं आणि विळा चालवला. टाचेतून चार चाकं निघाली, अशी गोल की तिनं स्वतःच 'वा!' म्हटलं.

अर्ध्या तासानं अरुंधतीबाई परत आल्या. पोटऱ्यांपर्यंत चिखल, हातात कापूस, चेहरा खुललेला. बांधावरच्या रांगेत त्या आपली पायताणं शोधू लागल्या. मागून वामनराव आले, कारभारी आला. दैवशालाही कमरेला बांधलेली कापसाची वटी मोकळी करायला आली होती. तेवढ्यात समोरून अर्पितानं सुतळीनं ओढलेली बैलगाडी आली, कापसानं शीग भरलेली, चार निळ्या चाकांवर.

अरुंधतीबाईंनी चाकांकडं पाहिलं, मग लिंबाखाली पडलेल्या दोन भोकाभोकाच्या वरच्या भागांकडं पाहिलं.

"नवीन होत्या हो," त्या हळूच म्हणाल्या. "दिवाळीच्या घेतल्या होत्या."

"माय माय माय! वहिनीसायब, भोकं बघून मला वाटलं..." मालनबाई पलस्तर सावरत कशीबशी उठली, आपल्या पायातल्या टाचणी लावलेल्या चपला काढल्या आणि वाकून त्यांच्यापुढं ठेवल्या. "ह्या घाला. काटे हायेत."

वामनरावांचा पारा चढला. "कारभारी, हे शेत आहे का बालवाडी? आणि या बाईला तर हाताला पलस्तर आहे. कामाची नाही तर रानात आणायची कशाला? उद्यापासून लेकरं नाही पाहिजेत इथं, आणि या आजीबाई पण नकोत."

अर्पिताच्या हातातली सुतळी सुटली. मालनबाई मान खाली घालून उभी. 'कामाची नाही.' दहा दिवस जे मनात येऊ दिलं नव्हतं, ते मालकानं चार माणसांत बोलून दाखवलं होतं.

कारभारी अडखळत म्हणाला, "मालक, लेकरं न्हाई म्हणल्यावर ह्यांच्या आया कशा येतील? आन् आया न्हाई आल्या तर..." त्यानं वर आभाळाकडं बोट केलं.

दैवशाला कधी कुणापुढं बोलणारी नव्हे. ती वटी सोडता सोडता म्हणाली, "आत्या येनार न्हाई तर मी बी न्हाई." तिच्या मागं येऊन थांबलेल्या दोघी-तिघींनी आपापल्या वट्या खाली ठेवल्या. आणि त्या परत उचलल्या नाहीत.

अरुंधतीबाई एवढा वेळ लिंबाखाली बघत होत्या. त्यांनी मालनबाईच्या चपलांत पाय घातले. त्या त्यांना आखूड होत होत्या, टाच बाहेर राहत होती. तशाच त्या पोरांजवळ गेल्या, आणि मासा, आगगाडी, तिफण एकेक हातात घेऊन पाहिली. तिफणीमागं पेरलेल्या चार ओळी पाहिल्या. मग म्हणाल्या, "हे सगळं एका हातानं केलंत?"

"हात ह्यांचे," मालनबाई पोरांकडं बोट करून म्हणाली. "मी नुसती पायानं धरू राह्यले."

अरुंधतीबाईंना हसू आलं. त्या नवऱ्याकडं वळल्या. "तुम्ही महिनाभर म्हणत होतात ना, बायका मिळत नाहीत, कापूस भिजणार? त्या मिळाल्यात त्या यांच्यामुळं. पायताण माझं गेलं. मला काही म्हणायचं नाही, मग तुम्ही कशाला म्हणता?"

वामनरावांनी चष्मा काढून पुसला, परत घातला. "येऊ द्या मग," ते कारभाऱ्याला म्हणाले आणि गाडीकडं चालू लागले. थोडं पुढं गेल्यावर थांबले. "पण आमच्या चपलांना हात लावू नका म्हणावं." यावर पहिल्यांदा दीपमाला हसली, आणि मग सगळेच हसले. अरुंधतीबाईंनी गाडीपाशी चपला काढून ठेवल्या आणि काच खाली करून पोरांना हात केला. त्या अनवाणीच जालन्याला गेल्या.

सगळं निभावलं होतं. पण मालनबाईचं मन काही ताळ्यावर येईना. तिनं दुपारभर एकही चाक कापलं नाही. दिवस कलला तशी तिनं विळा, सुतळी, खेळणी सगळी पोत्यात भरली आणि मनाशी ठरवलं, उद्यापासून घरी बसायचं. दुसऱ्याच्या मेहेरबानीवर रानात येण्यापेक्षा ते बरं.

कारभाऱ्यानं लिंबाच्या फांदीला मजुरीसाठी कापूस तोलायचा काटा अडकवला. बायका आपापलं गाठोडं घेऊन आल्या. पण काट्याकडं न जाता पहिली बाई मालनबाईसमोर थांबली, आणि आपल्या गाठोड्यातली ओंजळभर कापूस काढून तिच्यापुढं धरली.

"हे काय?" मालनबाई म्हणाली.

"तुमचा वाटा. आमी समद्यांनी ठरवलंय. रोज एक ओंजळ."

"मला नको," मालनबाई झटक्यात म्हणाली. "मी वेचला न्हाई. न वेचलेलं मी घेत न्हाई. ठिवा आपापल्या गाठोड्यात."

बाई ओंजळ तशीच धरून उभी राहिली. मागं रांग लागली. कारभारी काट्याशी चाळा करत दुसरीकडं बघू लागला. तेव्हा रांग मोडून दैवशाला पुढं आली. तिची ओंजळ मोठी होती, अंगानं ती थोराड. तिनं ओंजळ पुढं केली.

"घ्या, आत्या."

"तू बी? घरचीच असून?"

"अर्पिता तान्ही व्हती," दैवशाला म्हणाली. इतकं बोलायची तिला सवय नव्हती. "तिला पाजायला मी वटी सोडून घडीघडी बांधावर बसायचे. माझी पात मागं राह्यची. तुमी समद्यांम्होरं मला बोलायच्या. आन् सांजच्याला माझी वटी बघावं तर भरल्याली."

मालनबाईनं डाव्या हातानं पदराचं टोक धरलं.

"मी वेचलेल्या कापसात काडीकचरा ऱ्हातोच, आत्या. आजून बी ऱ्हातो. त्या वटीत वर वर कायम साफ कापूस असायचा, एक पान न्हाई की काडी न्हाई. तसं या टोळीत एकच बाई वेचती. मी कुणाला बोलले न्हाई. तुमाला बी बोलले न्हाई. बोलायला पाह्यजे व्हतं."

सहा वर्षं मालनबाईला वाटत होतं की हे फक्त आपल्याला ठाऊक आहे. तिला काय करावं ते कळेना. तिचे डोळे भरून आले आणि पुसायला हातही मोकळा नव्हता, कारण डाव्या हातानं तिनं पदराचं टोक धरलं होतं. तिनं तो पदर हळूहळू पसरला.

दैवशालानं ओंजळ त्यात रिकामी केली. मग वाकून आपल्या गाठोड्यातून दुसरी भरून घेतली आणि तीही टाकली.

"एकच ठरली व्हती ना?" मालनबाई म्हणाली.

"एक आजची," दैवशाला म्हणाली. "ही तवाची."

आणि ती बाजूला झाली, मागच्या बायकांना जागा द्यायला.